चांदोमामाच्या घरी हेल्मेट लागते का?

वाचकांचे प्रश्न

या वेळी आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे एकाच चित्रपटाविषयी आहेत. जर्मनीत तयार झालेला 'मूनबाउंड' हा २०२१ चा अ‍ॅनिमेशनपट सुट्टीत अनेक घरांत पाहिला गेला असे दिसते. पीटर नावाच्या मुलाच्या धाकट्या बहिणीला चंद्रावरचा माणूस पळवून नेतो आणि एका बोलक्या भुंग्याच्या सोबतीने पीटर तिला सोडवायला निघतो, एवढे कथासूत्र ज्यांनी तो पाहिला नाही त्यांच्यासाठी पुरेसे आहे. पत्रांतून निवडलेले पाच प्रश्न पुढे घेतले आहेत.

प्रश्न : माझी मुलगी सात वर्षांची आहे. रविवारी दुपारी आम्ही तिघे मिळून हा चित्रपट पाहत होतो. तिचे बाबा अभियंता आहेत. मुले चंद्राकडे निघाली तेव्हा ते म्हणाले, "तिथे हवाच नाही, हेल्मेटशिवाय कोणी दोन मिनिटेही जगणार नाही." मुलगी उठून आतल्या खोलीत गेली आणि पुढचा चित्रपट तिने पाहिलाच नाही. मला वाटते, त्यांनी गप्प बसायला हवे होते. त्यांचे म्हणणे असे, की चुकीचे विज्ञान एकदा डोक्यात बसले की निघता निघत नाही. कोणाचे बरोबर?
(एक आई, विक्रोळी)

उत्तर : वस्तुस्थितीपुरते तिच्या बाबांचे बरोबर आहे, पण ते सांगण्याची वेळ चुकली, आणि मुलांच्या बाबतीत वेळ चुकली की खरे बोलणेही वर्मी लागते. भातुकली खेळणारी मुलगी इवल्याशा ताटलीत मातीचा भात वाढते, "जपून, गरम आहे" असे बजावते, पण तो भात ती स्वतः कधी तोंडात घालत नाही. चित्रपटातला चंद्र आणि गच्चीवरून दिसणारा चंद्र यांतला फरक सात वर्षांच्या मुलीला असाच ठाऊक असतो. ती उठून गेली, कारण मांडलेला डाव कोणीतरी मध्येच मोडला. ही चूक मीही केलेली आहे. शाळेत विज्ञान शिकवत असताना एका मुलाने वहीत चंद्रावर आंब्याचे झाड काढले होते आणि मी त्याखाली लाल शाईने "पाणी कोठून येणार?" असे लिहिले. त्यानंतर त्या वर्षात त्याच्या वहीत एकही चित्र आले नाही. ती लाल ओळ मला आजही खुपते.

अद्भुत कथा आणि विज्ञान यांचे हाडवैर आहे असे समजण्याचेही कारण नाही. ग्रहांच्या गतीचे नियम सांगणारे योहानेस केप्लर यांनी स्वतः चंद्रप्रवासाची एक कथा लिहिली होती आणि ती त्यांच्या मृत्यूनंतर, १६३४ साली, प्रसिद्ध झाली. तिच्यात माणसाला चंद्रावर नेण्याचे काम अंधारात वावरणाऱ्या अदृश्य शक्ती करतात, म्हणजे कथा पुरती अद्भुत आहे. तरीही वर जाताना हवा विरळ होणार हे केप्लर विसरत नाहीत आणि प्रवाशांच्या नाकाशी ओले स्पंज धरायला लावतात. चंद्रावरचा दिवस जवळजवळ पंधरवड्याचा आणि रात्रही तेवढीच, हेही त्याच कथेत येते. तेव्हा तुमच्या घरात निघालेला हेल्मेटचा प्रश्न चारशे वर्षांचा जुना आहे, आणि तो ज्याने आधी मांडला त्याने तो गोष्ट न मोडता मांडला.

तिच्या बाबांना माझी एवढीच विनंती आहे, की चित्रपट संपू द्यावा, प्रश्न तिच्याकडून येऊ द्यावा, आणि तो आला की उत्तर अर्धवट देऊ नये. "तिथे हवा नाही" या तीन शब्दांवर थांबले की दार बंद होते. त्या शब्दांच्या पुढे गेले की दार उघडते. हवा नाही म्हणून तेथे भर दुपारीही आकाश काळे दिसते. हवा नाही म्हणून शेजारी उभ्या असलेल्या माणसाने कितीही मोठ्याने हाक मारली तरी ती ऐकू येत नाही. वारा नाही, पाऊस नाही, म्हणून १९६९ ते १९७२ या काळात ज्या बारा जणांनी तेथे पावले टाकली, त्यांचे ठसे अजून धुळीत उमटलेलेच असणार. आणि हेल्मेटचीच गोष्ट सांगायची तर ही सांगावी : ते अंतराळवीर यानात परतून हेल्मेट काढत, तेव्हा कपड्यांना चिकटून आत आलेल्या चंद्राच्या धुळीला जळलेल्या बंदुकीच्या दारूसारखा वास येतो असे त्यांच्या लक्षात आले. नरक चतुर्दशीच्या पहाटे फटाके वाजून गेल्यावर आपल्या गल्लीत जो वास रेंगाळतो, त्याच जातीचा हा वास. मुंबईतल्या मुलीला तो वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

याहून पुढे जायचे असेल तर एक खेळ सुचवतो. गेल्या कोजागरीला आमच्या इमारतीच्या गच्चीवर दूध आटेपर्यंत मुलांना काहीतरी उद्योग हवा होता. एका मोठ्या परातीत बोटभर जाडीचा तांदळाच्या पिठाचा थर दिला, वरून चाळणीने नाचणीचे पीठ भुरभुरवले आणि मुलांच्या हाती एकेक गोटी दिली. छातीच्या उंचीवरून गोटी सोडली की "थप्" असा आवाज होऊन पिठात गोल खळगा पडतो, त्याला कड येते, आणि खालचे पांढरे पीठ उसळून काळपट नाचणीवर चहूबाजूंनी रेघा उमटतात. एक मुलगी बराच वेळ परातीकडे पाहत राहिली, मग मान वर करून चंद्राकडे पाहू लागली आणि म्हणाली, "खालच्या बाजूला तसंच आहे." पौर्णिमेच्या चंद्रावर टायको नावाचे विवर असेच दिसते, त्याच्यापासून पांढरे पट्टे दूरवर पसरलेले असतात, आणि अशनीच्या आघाताने ते परातीतल्यासारखेच तयार झाले आहेत. तिच्या बाबांनी हा खेळ तिच्यासोबत मांडावा. रविवारचा रुसवा त्याने निघेल असे मला मनापासून वाटते.

प्रश्न : माझा नातू पाच वर्षांचा आहे. हा चित्रपट पाहिल्यापासून तो दिवेलागणीनंतर गॅलरीत पाऊल टाकायला तयार नाही. चंद्रावरचा माणूस मला उचलून नेईल, असे म्हणतो. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या चंद्राला मामा म्हणत आलो. आपला प्रेमळ मामा त्या लोकांनी दुष्ट का केला? आणि चंद्राच्या गोष्टीत भुंग्याचे काय काम?
(एक आजी, गिरगाव)

उत्तर : आजी, तुमच्या मनातला चंद्र त्यांनी दुष्ट केलेला नाही. त्या गोष्टीतला दुष्ट माणूस चंद्राचा मूळ रहिवासीच नाही, हे तुमच्या नातवाला सांगण्यासारखे आहे.

चित्रपटाच्या मुळाशी गेर्ट फोन बासेविट्स यांचे एक बालनाट्य आहे. ते १९१२ साली लाइपझिग येथे प्रथम रंगमंचावर आले आणि जर्मन घरांत ते आजही मुलांना वाचून दाखवले जाते. मूळ गोष्ट अशी : एक माणूस चोरून बर्च झाडावर कुऱ्हाड चालवतो, आणि त्याच घावात झाडावर बसलेल्या एका भुंग्याचा पाय तुटतो. रात्रीची परी त्या लाकूडचोराला शिक्षा म्हणून झाडासकट चंद्रावर धाडते; पण झाडाबरोबर भुंग्याचा पायही तिकडे जातो आणि तेव्हापासून त्या कुळातले सगळे भुंगे पाचच पायांचे जन्मतात. तो पाय परत आणता येईल, मात्र त्यासाठी दोन अशी मुले हवीत, ज्यांनी कधी कोणत्याही प्राण्याला त्रास दिलेला नाही. नाटकातली भावंडे चंद्रावर जातात ती एका किड्याच्या पायासाठी. मला ही अट फार सुंदर वाटते, आणि चित्रपटात बहिणीच्या सुटकेचे कथानक पुढे आल्याने तिचे वजन कमी झाले याची हळहळही वाटते.

हा लाकूडचोर नाटककाराने हवेतून आणलेला नाही. चंद्रावरच्या काळ्या डागांत युरोपातल्या लोकांना पाठीवर मोळी घेतलेला माणूस दिसत आला आहे. रविवारी, म्हणजे विश्रांतीच्या दिवशी, लाकडे गोळा केली म्हणून त्याला तेथे पाठवले, असे तिकडचे लोक सांगत. आपल्याकडे त्याच डागांत ससा दिसला आणि चंद्राला शशांक हे नाव मिळाले. भुकेल्या पाहुण्याला देण्याजोगे काही नाही म्हणून स्वतःचा देह देऊ करणाऱ्या सशाची जातककथा तुम्हांला माहीत असेल. त्याची आठवण जगाला राहावी म्हणून इंद्राने त्याचे चित्र चंद्रावर रेखाटले. मामाचे नातेही असेच गोष्टीतून आले आहे : समुद्रमंथनातून लक्ष्मी निघाली तसा चंद्रही निघाला, म्हणून तो लक्ष्मीमातेचा भाऊ आणि आपला मामा. तरी आपल्या कथांतही तो नेहमीच शहाण्यासारखा वागत नाही. गणपतीला हसल्याबद्दल त्याला शाप मिळाला आणि गणेश चतुर्थीला आपण त्याच्याकडे पाहायचे टाळतो, हे तुमच्याच घरात पाळले जात असेल.

भुंग्याविषयी विचारलेत ते बरे झाले. जर्मनीत वसंतात, मे महिन्याच्या सुमारास, जमिनीतून निघणारा तो तपकिरी भुंगा पिकांची मुळे कुरतडणाऱ्या आपल्या हुमणीच्या जवळच्या नात्यातला आहे. कोकणात किंवा घाटावर तुमचे गाव असेल तर पहिल्या वळिवानंतर संध्याकाळी जमिनीतून वर येऊन कडुनिंबावर आणि बाभळीवर गोळा होणारे भुंगेरे तुम्ही पाहिले असतील. तिकडच्या मुलांना तो भुंगा मे महिन्यातला सवंगडी वाटतो. आपल्या शेतकऱ्याला हुमणी म्हटले की पोटात गोळा येतो. तो चित्रपटात का आहे, याचे उत्तर त्या मुलांच्या अंगणात आहे.

आता नातवाची भीती. ती बोलून घालवण्यापेक्षा पाहून घालवावी. पौर्णिमेला त्याला कडेवर घेऊन गॅलरीत उभ्या राहा आणि ससा शोधायला सांगा. दोन लांबट डाग म्हणजे कान, त्यांना जोडलेला गोल डाग म्हणजे डोके. हे डाग म्हणजे फार पूर्वी उसळलेल्या लाव्हाची थिजलेली काळसर मैदाने आहेत, आणि त्या डोक्याचे नाव 'शांतीचा सागर'. नील आर्मस्ट्राँग आणि बझ ऑल्ड्रिन १९६९ साली उतरले ते तेथेच, म्हणजे सशाच्या डोक्यावर. त्यांनी मोळीवाला माणूस पाहिला नाही. पुढे चारच दिवसांनी संकष्टी येईल. तुमचा उपवास असेल तर चंद्रोदयाची वाट पाहण्याचे काम त्याच्याकडेच द्यावे. चंद्र उगवला की त्यानेच सगळ्यांना हाक मारायची. त्या रात्री चंद्राची एक कड झिजलेली असते आणि सशाचा एक कान अंधारात जाऊ लागलेला असतो, हे त्याला स्वतःहून दिसले तर फारच उत्तम.

प्रश्न : मी पाचवीत आहे. चंद्रावर मी किती उंच उडी मारू शकेन? तिथे तरंगता येते का?
(एक विद्यार्थी, बोरिवली)

उत्तर : तरंगता येणार नाही, कारण चंद्रही तुला खाली ओढतो, फक्त पृथ्वीच्या मानाने एक षष्ठांश जोराने ओढतो. तुझे वजन येथे ३० किलो भरत असेल तर तोच काटा तेथे ५ किलो दाखवील. समजा, येथे तू उभ्या जागी ३० सेंटिमीटर उंच उडी मारतोस. तेव्हा तू साधारण अर्धा सेकंद हवेत असतोस. तेवढाच जोर लावून चंद्रावर उडी मारलीस तर तू जवळजवळ १८० सेंटिमीटर, म्हणजे बाबांच्या डोक्याएवढा उंच जाशील, आणि परत टेकायला सुमारे ३ सेकंद लागतील. "एक, दोन, तीन" असे सावकाश म्हणून बघ. एवढा वेळ तू अधांतरी असशील. चित्रपटात दर सेकंदाला २४ चौकटी सरकतात, तेव्हा तुझी ही एक उडी दाखवायला चित्रकारांना ७२ चौकटी भराव्या लागतील.

पण अंतराळवीराचा पोशाख घातल्यावर गणित बदलते. अपोलो मोहिमांतला पोशाख आणि पाठीवरची श्वासाची यंत्रणा मिळून पृथ्वीवर सुमारे ९० किलो भरे. तरीही १९७२ साली अपोलो १६ मोहिमेत जॉन यंग यांनी ध्वजाला सलाम करता करता उडी मारलीच! आणि आपल्या चांद्रयान-३ मोहिमेतल्या विक्रम या लँडरनेही (चंद्रावर उतरलेल्या यानानेही) एक छोटी उडी मारली आहे, हे तुला माहीत आहे का? ३ सप्टेंबर २०२३ रोजी त्याने इंजिने पुन्हा सुरू केली, तो सुमारे ४० सेंटिमीटर वर उचलला गेला आणि जवळच अलगद उतरला.

प्रश्न : चित्रपट पाहून मुले दुर्बिणीचा हट्ट धरून बसली आहेत. मुंबईच्या दिव्यांत चंद्र नीट दिसतो का? कोठे न्यावे?
(एक पालक, मुलुंड)

उत्तर : शहराच्या उजेडाने तारे हरवतात, चंद्र हरवत नाही. लगेच महागडी दुर्बीण घेऊ नये. साधी द्विनेत्री पुरते, आणि हात हलू नये म्हणून कोपरे कठड्यावर टेकवावीत. पौर्णिमेपेक्षा शुक्ल अष्टमीच्या आसपासची संध्याकाळ निवडावी, कारण उजेड आणि अंधार यांच्या सीमेवर विवरांच्या लांब सावल्या पडतात आणि खळगे ठसठशीत दिसतात. पावसाळ्याचे चार महिने वरळीचे नेहरू तारांगण गाठावे. १९७७ पासून त्याच्या घुमटाखाली मुंबईच्या मुलांना आकाश दाखवले जात आहे, आणि नेहरू विज्ञान केंद्रही वरळीतच आहे. तारे पाहायचे असतील तर मात्र थंडीत अमावास्येच्या सुमारास बदलापूरच्या पुढे, वांगणीसारख्या ठिकाणी जाणे उत्तम.

प्रश्न : मी मराठी शाळेत चौथीला शिकवते. चित्रपट दाखवून मुलांकडून चंद्रावर काही लिहून घ्यावे असा विचार आहे. पण दरवर्षी पस्तीसच्या पस्तीस वह्यांत "चंद्र हा पृथ्वीचा उपग्रह आहे" हेच पहिले वाक्य येते. काय करावे?
(एक शिक्षिका, परळ)

उत्तर : बाई, विषय 'चंद्र' असा दिला तर तेच वाक्य येणार. चंद्र फार मोठा आहे, मुलांना हाताशी धरता येईल असे काहीतरी लहान द्यावे. मी असतो तर चांद्रयान-३ चा लँडर विक्रम आणि त्याच्या पोटातला चाकांचा रोव्हर प्रज्ञान यांची हकीकत गोष्टीसारखी सांगितली असती, कारण तिच्यातला शब्द न् शब्द खरा असूनही ती अद्भुत आहे.

२३ ऑगस्ट २०२३ रोजी संध्याकाळी सहा वाजून चार मिनिटांनी विक्रम चंद्राच्या दक्षिण ध्रुवाकडच्या प्रदेशात उतरला. त्याच्या पोटातून घसरगुंडीवरून प्रज्ञान बाहेर आला : २६ किलोचा, सहा चाकांचा, आपल्या बाकाएवढाही नसलेला. तो शंभर मीटरहून थोडे अधिक चालला, म्हणजे तुमच्या शाळेच्या फाटकापासून कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत. विक्रमने जमिनीत एक काडी खुपसून पाहिली, तेव्हा वरची माती सुमारे ५० अंश तापलेली होती आणि वीतभरही खोल न जाता, अवघ्या ८ सेंटिमीटरांवर, उणे १० अंश. वर वैशाख आणि चार बोटे खाली बर्फ! मग सूर्य मावळायच्या आधी दोघांना झोपवण्यात आले. पंधरवड्याची रात्र सरली, पुन्हा ऊन आले, हाका मारून झाल्या, पण ते उठले नाहीत.

मात्र विक्रमच्या अंगावर पाच सेंटिमीटरांचा एक लहानसा घुमट आहे. त्यात क्वार्ट्‌झचे आठ लोलक बसवलेले आहेत, आणि आलेला उजेड परतवायला त्यांना वीज लागत नाही. १२ डिसेंबर २०२३ रोजी चंद्राभोवती फिरणाऱ्या नासाच्या यानाने सुमारे शंभर किलोमीटरांवरून त्याच्यावर लेसरचा झोत टाकला आणि झोपलेल्या विक्रमकडून उजेड परत आला.

एवढे सांगून थांबावे आणि पहिले वाक्य फळ्यावर आपणच लिहून द्यावे : "रात्री कोणीतरी विक्रमच्या अंगावर उजेड टाकला." पुढचे मुलांना लिहू द्यावे. कोणी भुंगा आणील, कोणी ससा, कोणी आपल्या आजीला तेथे नेऊन बसवील, त्यावर "हवा कोठून येणार?" असे लिहू नये. हाताशी वेळ असेल तर काडेपेटीचा प्रज्ञान करून तो पिठाच्या परातीत केसभर सरकवत मोबाइलवर एकेक छायाचित्र घ्यायला शिकवावे. दादासाहेब फाळके यांनी आपला पहिला कथापट करण्याआधी वाटाण्याच्या रोपाची वाढ अशीच थोडी थोडी टिपून पडद्यावर दाखवली होती. चौथीच्या मुलांना दहा सेकंदांच्या चित्रफितीसाठी शंभर-सव्वाशे छायाचित्रे लागतील, आणि पस्तीस मुले असतील तर प्रत्येकाच्या वाट्याला तीन-चार येतील. तुमच्या वर्गातल्या गोष्टींपैकी दोन-तीन मला पाठवाव्यात. या पानावर त्यांना जागा राखून ठेवतो.